कारखाना बंद करण्याचा अधिकार कोणाचा?
अमेरिकेतील मॅहोनिंग खोऱ्याचा धडा

(पक्षाच्या अभ्यासवर्गातील व्याख्यान)

औद्योगिक राष्ट्र कसे घडते, या प्रश्नाला भांडवली अर्थशास्त्राच्या पाठ्यपुस्तकांपाशी एक सोपे उत्तर असते. शेतातील माणूस कारखान्यात येतो, यंत्राच्या साह्याने त्याची उत्पादकता वाढते, तिच्या मागोमाग वेतन वाढते, शहरे वाढतात आणि राष्ट्र समृद्ध होते. आपल्या राज्यकर्त्यांनीही हीच कथा वारंवार सांगितली आहे. २०११ च्या राष्ट्रीय धोरणाने कारखानदारीचा राष्ट्रीय उत्पादनातील वाटा २०२२ पर्यंत २५ टक्क्यांवर नेण्याचे आणि १० कोटी नवे रोजगार निर्माण करण्याचे उद्दिष्ट जाहीर केले. २०१४ मध्ये आलेल्या सरकारने तीच घोषणा ‘मेक इन इंडिया’ या नव्या नावाने पुढे चालविली. २०२२ साल उलटून गेले. वाटा सतरा टक्क्यांच्या आसपासच घोटाळत राहिला आणि दहा कोटी रोजगार कागदावरच राहिले.

परंतु हे अपयश हा आजच्या विवेचनाचा विषय नाही. प्रश्न त्याच्या पुढचा आहे. समजा, ही कथा यशस्वी झाली. कारखाने उभे राहिले, वेतन वाढले, शहरे वसली. मग पुढे काय? जेथे ही कथा पूर्णत्वास गेली, त्या देशात कामगारवर्गाच्या वाट्याला अखेरीस काय आले? याचे उत्तर शोधण्यासाठी जगातील सर्वात बलाढ्य भांडवली राष्ट्राकडे, आणि त्यातीलही एका लहानशा नदीच्या खोऱ्याकडे पाहिले पाहिजे.

पोलादाचे खोरे

अमेरिकेच्या ओहायो राज्यात, ईशान्य भागात, मॅहोनिंग नदीचे खोरे आहे. कोळसा आणि चुनखडी जवळच उपलब्ध होती, लोहखनिज उत्तरेकडील महासरोवरांच्या मार्गाने येत असे. विसाव्या शतकाच्या आरंभापासून या नदीच्या काठाने मैलोगणती पोलादाचे कारखाने उभे राहिले. यंगस्टाउन हे त्यांचे मुख्य शहर. १९३० मध्ये त्याची लोकसंख्या १ लाख ७० हजार होती. इटली, स्लोव्हाकिया, पोलंड, हंगेरी या देशांतून आलेले आणि अमेरिकेच्या दक्षिणेतून वंशद्वेषाच्या जाचाला कंटाळून आलेले कृष्णवर्णीय श्रमिक तेथे झोतभट्ट्यांपुढे राबत होते.

या कामगारांना पुढे जे चांगले वेतन, निवृत्तिवेतन आणि वैद्यकीय सोयी मिळाल्या त्या कोणा मालकाच्या उदारतेतून मिळालेल्या नाहीत. १९३७ च्या उन्हाळ्यात ‘लिटल स्टील’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या कंपन्यांविरुद्ध संप झाला. ३० मे रोजी शिकागोत रिपब्लिक स्टीलच्या कारखान्यासमोर पोलिसांनी निदर्शकांवर गोळ्या झाडून दहा जणांचे प्राण घेतले. जूनमध्ये खुद्द यंगस्टाउनमध्येही गोळीबार होऊन माणसे मेली. शेजारच्या वॉरेन भागात या संपाचे एक संघटक होते गस हॉल, जे पुढे अमेरिकन कम्युनिस्ट पक्षाचे सरचिटणीस झाले. तो संप त्या वर्षी मोडला गेला. पण युनियनला मान्यता द्यावीच लागली. काही वर्षांचाच काय तो विलंब झाला.

तरीही या विजयात दोन उणिवा राहिल्या, आणि त्या नंतर फार महाग पडल्या. पहिली उणीव वर्णभेदाची. कोक भट्ट्या आणि झोतभट्ट्यांवरील सर्वात कष्टाची कामे कृष्णवर्णीयांकडे, आणि ज्येष्ठतेच्या याद्या अशा की त्या कामांतून वर चढण्याची वाट बंद. नऊ मोठ्या कंपन्या आणि युनियन यांना ही व्यवस्था बदलणे न्यायालयीन समझोत्याने भाग पडले, ते थेट १९७४ मध्ये. दुसरी उणीव अधिक मूलगामी होती. वेतन किती, रजा किती, भत्ता किती यावर युनियनने झुंज दिली. पण कारखान्यात नवी भट्टी बसवायची की नाही, नफा कोठे गुंतवायचा, कारखाना चालवायचा की बंद करायचा, हे निर्णय मालकाच्या खास अधिकारातील म्हणून सोडून देण्यात आले. १९७३ मध्ये तर पोलाद कामगारांच्या राष्ट्रीय युनियनच्या नेतृत्वाने वेतनवाढीच्या हमीच्या बदल्यात राष्ट्रव्यापी संपाचे शस्त्रही स्वतःहून म्यान केले.

१९ सप्टेंबर १९७७

‘यंगस्टाउन शीट अँड ट्यूब’ ही त्या शहराची सर्वात मोठी कंपनी. १९६९ मध्ये न्यू ऑर्लिन्सच्या लाइक्स या जहाजवाहतूक समूहाने ती ताब्यात घेतली. पोलाद तयार करणे हा या नव्या मालकाचा व्यवसाय नव्हता. कर्ज काढून कंपनी विकत घ्यायची आणि तिच्या उत्पन्नातून ते कर्ज फेडायचे, हा त्याचा हिशेब होता. त्याच काळात जपान आणि पश्चिम युरोपातील कारखाने ऑक्सिजन भट्ट्या आणि सलग ओतकामाची नवी पद्धत स्वीकारत होते. मॅहोनिंग खोऱ्यात मात्र जुन्या, उघड्या चुलीच्या भट्ट्याच धगधगत राहिल्या. नफा निघत होता. तो भट्टीत परत येत नव्हता.

सोमवार, १९ सप्टेंबर १९७७ रोजी कंपनीने जाहीर केले की, कँपबेल येथील कारखान्याचा बहुतांश भाग बंद होणार. सुमारे ५,००० कामगारांची रोजी एका निवेदनाने संपली. खोऱ्यातील लोक त्या दिवसाला आजही ‘काळा सोमवार’ म्हणतात. त्यानंतर ब्रायर हिलचा कारखाना गेला. नोव्हेंबर १९७९ मध्ये यू. एस. स्टील कंपनीने यंगस्टाउनमधील आपले कारखाने बंद करण्याचा निर्णय घोषित केला. काही वर्षांत पोलादाच्या या खोऱ्यात पोलादच उरले नाही. शहराची लोकसंख्या २०२० मध्ये सुमारे ६० हजारांवर आली होती.

दोष कोणाचा?

भांडवलदारवर्गाच्या पत्रपंडितांनी याची दोन कारणे सांगितली: यंत्रे आणि परदेशी माल. दोन्हींत तथ्याचा अंश आहे, म्हणूनच ती नीट तपासली पाहिजेत.

यंत्राचे पाहू. १९८० च्या सुमारास अमेरिकेत एक टन पोलाद तयार करण्यास सुमारे दहा मनुष्यतास लागत. आज ते काम दोन तासांच्या आसपास होते. संपूर्ण कारखानदारीतील रोजगार १९७९ च्या मध्यास १ कोटी ९५ लाख होता. तो २०१० च्या आरंभी १ कोटी १५ लाखांच्या खाली आला, आणि नंतरच्या सावरासावरीनंतरही १ कोटी ३० लाखांच्या पलीकडे टिकू शकला नाही. याच काळात कारखान्यांतून निर्माण होणारे मूल्य मात्र एकंदरीत वाढतच गेले. याचा अर्थ स्पष्ट आहे. श्रमाचे तास वाचले. पण ते वाचलेले तास कामगाराच्या घरी विश्रांती म्हणून पोचले नाहीत, बेकारी म्हणून पोचले. आठ तासांचा दिवस सहा तासांचा होण्याऐवजी चार माणसांपैकी एकाला दाराबाहेर काढण्यात आले. यंत्र हे करीत नाही. यंत्राचा मालक हे करतो. मार्क्सने ज्याला बेकारांची राखीव फौज म्हटले ती अशीच उभी राहते, आणि कामावर असलेल्याचे वेतन खाली दाबण्याच्या कामी येते.

आता परदेशी माल. पोलादाची आयात वाढली, हे खरे. पण त्या आयातीला तोंड देण्यासाठी जी गुंतवणूक आवश्यक होती ती कोणी रोखली? यू. एस. स्टील कंपनी कामगारांना सांगत होती की, जुने कारखाने सुधारणे परवडत नाही. त्याच कंपनीने १९८२ मध्ये मॅरेथॉन ऑइल ही तेलकंपनी सुमारे ६ अब्ज डॉलरला खरेदी केली. पैसा होता, तो पोलादात घालायचा नव्हता. आणि यंगस्टाउनमधील तिच्या जुन्या झोतभट्ट्या त्याच वर्षी सुरुंग लावून जमीनदोस्त करण्यात आल्या.

‘परदेशी माणसाने तुमची नोकरी घेतली’ या प्रचाराची फळे किती विषारी असतात, हेही त्याच वर्षी दिसले. जून १९८२ मध्ये, मोटारींच्या कारखान्यांसाठी प्रसिद्ध असलेल्या डेट्रॉइट परिसरात व्हिन्सेंट चिन या चिनी वंशाच्या तरुण आरेखकाला दोन गोऱ्यांनी बेसबॉलच्या दांडक्याने ठार केले. त्यांपैकी एक मोटार कारखान्यातील फोरमन होता. जपानी मोटारींवरचा राग या तरुणावर काढण्यात आला. मारेकऱ्यांना राज्याच्या न्यायालयाने तुरुंगात पाठविले नाही. प्रत्येकी ३,००० डॉलर दंड आणि चांगल्या वर्तणुकीच्या हमीवर सोडून दिले. कारखाने बंद करणारे संचालक आपल्या कचेऱ्यांत सुरक्षित होते. मेला तो दुसरा एक श्रमिक.

कामगारांनी मागितलेला हक्क

मॅहोनिंग खोऱ्यातील जनता हातावर हात ठेवून बसली नाही, आणि तिच्या लढ्याचा इतिहास म्हणूनच अभ्यासनीय आहे. चर्चमधील धर्मगुरू, युनियनच्या स्थानिक शाखा आणि नागरिक यांनी एकत्र येऊन कँपबेलचा कारखाना विकत घ्यावा आणि कामगार व नगरजन यांच्या सामाईक मालकीने तो चालवावा, अशी योजना तयार केली. सामान्य कुटुंबांनी त्यासाठी बँकांत बचतीची खाती उघडली. मात्र भट्ट्यांच्या आधुनिकीकरणासाठी केंद्र सरकारची कर्जहमी आवश्यक होती. राष्ट्राध्यक्ष कार्टर यांच्या सरकारने १९७९ मध्ये ती नाकारली. जानेवारी १९८० मध्ये मात्र याच सरकारने क्रायस्लर या मोटार कंपनीसाठी १५० कोटी डॉलरच्या कर्जहमीचा कायदा मंजूर करून घेतला. सरकारी पैसा खाजगी उद्योगात घालण्याला विरोध नव्हता. तो कामगारांच्या मालकीला होता.

त्याच महिन्यात कामगारांनी यंगस्टाउनमधील यू. एस. स्टीलच्या कचेरीत घुसून ती काही काळ ताब्यात घेतली. दुसरीकडे न्यायालयात एक असाधारण दावा चालू होता. कामगारांचे म्हणणे असे होते की, व्यवस्थापनाने ‘कारखाना नफ्यात आणा, तो चालू राहील’ असे आश्वासन दिले होते, आणि कामगारांनी जीव तोडून तसे केले. शिवाय पिढ्यान्‌पिढ्या ज्या नगराने या कारखान्याला पाणी, रस्ते, शाळा आणि माणसे पुरविली त्या नगराचाही त्या मालमत्तेत काही अंश निर्माण झालेला आहे. प्राथमिक सुनावणीत न्यायाधीशांनी या कल्पनेबद्दल सहानुभूती दर्शविली. पण निकाल विरुद्ध गेला, आणि १९८० मध्येच अपील न्यायालयानेही असा कोणताही हक्क कायद्यात नाही असे सांगून दावा फेटाळला.

येथे इतिहासाची एक विसंगती ध्यानात घेण्यासारखी आहे. १९५२ मध्ये कोरियन युद्ध चालू असताना पोलाद कामगारांचा संप टाळण्यासाठी राष्ट्राध्यक्ष ट्रूमन यांनी देशातील पोलाद कारखाने सरकारच्या ताब्यात घेतले होते. सर्वोच्च न्यायालयाने दोन महिन्यांच्या आत ते मालकांना परत देवविले, आणि तो प्रसिद्ध खटला याच यंगस्टाउनच्या कंपनीच्या नावाने ओळखला जातो. मालकाचा हक्क हिरावला गेला तेव्हा न्यायव्यवस्थेने त्वरा केली. कामगाराचा हक्क हिरावला गेला तेव्हा तिला असा हक्कच आढळला नाही.

या सगळ्या झगड्यातून अमेरिकन कामगाराला अखेर काय मिळाले? १९८८ चा एक कायदा, ज्यानुसार शंभर किंवा अधिक कामगारांच्या कंपनीने कारखाना बंद करण्यापूर्वी साठ दिवसांची नोटीस द्यावी. घर जळणार आहे, हे साठ दिवस आधी कळवायचे. विझविण्याचा अधिकार मात्र द्यायचा नाही.

लॉर्ड्सटाउनची कहाणी

यंगस्टाउनपासून थोड्याच अंतरावर लॉर्ड्सटाउन येथे १९६६ पासून जनरल मोटर्सचा जुळणी कारखाना होता. १९७२ मध्ये तेथील कामगारांनी, ज्यांतील बहुसंख्य पंचविशीच्या आतबाहेरचे तरुण होते, पट्ट्याच्या वेगाविरुद्ध संप केला. ताशी शंभर मोटारींचा वेग म्हणजे एका माणसाला एका मोटारीसाठी छत्तीस सेकंद. तो संप जगभर गाजला. पोलाद गेल्यानंतर या खोऱ्याचा आधार होता हाच कारखाना.

२००९ मध्ये जनरल मोटर्स दिवाळखोरीत गेली तेव्हा सरकारने तिच्यात सुमारे ५० अब्ज डॉलर ओतले आणि नव्या कंपनीचे साठ टक्क्यांहून अधिक समभाग सरकारच्या हाती आले. कामगारांनी वेतनात आणि निवृत्तांच्या सोयींत सवलती दिल्या. नव्या भरतीच्या कामगारास जुन्याच्या जवळपास निम्मे वेतन, ही दुहेरी श्रेणी तर २००७ मध्येच लादली गेली होती. बहुमताचा मालक असूनही सरकारने मालकी गाजविली नाही, आणि २०१३ च्या अखेरीस सुमारे ११ अब्ज डॉलरचा तोटा सोसून शेवटचे समभागही विकून टाकले. जुलै २०१७ मध्ये राष्ट्राध्यक्ष ट्रम्प यांनी यंगस्टाउनच्या सभेत लोकांना बजावले की, घरे विकू नका, नोकऱ्या परत येत आहेत. नोव्हेंबर २०१८ मध्ये कंपनीने लॉर्ड्सटाउनसह अनेक कारखान्यांतील उत्पादन थांबविण्याची घोषणा केली. त्या दिवशी शेअरबाजारात तिच्या समभागाचा भाव वधारला. मार्च २०१९ मध्ये शेवटची मोटार पट्ट्यावरून उतरली.

पुढे शेजारीच विजेच्या मोटारींच्या बॅटऱ्यांचा नवा कारखाना उभा राहिला, आणि कमी वेतनाच्या तेथील कामगारांनी डिसेंबर २०२२ मध्ये प्रचंड बहुमताने युनियन स्वीकारली. सप्टेंबर २०२३ मध्ये मोटार कामगारांच्या युनियनने तिन्ही मोठ्या कंपन्यांविरुद्ध एकाच वेळी संप पुकारला. सुमारे सहा आठवड्यांच्या या संपाने २५ टक्के वेतनवाढ मिळविली आणि बॅटरी कारखान्यांतील कामगारांना राष्ट्रीय कराराच्या कक्षेत आणले. परंतु सर्वात महत्त्वाचे कलम वेतनाचे नव्हते. स्टेलांटिस कंपनीने इलिनॉय राज्यातील बेल्व्हिडिअरचा बंद पाडलेला कारखाना पुन्हा उघडण्याचे मान्य केले, आणि कारखानाबंदीच्या विरोधात संप करण्याचा हक्क युनियनला लेखी मिळाला. कंपनीने पुढे चालढकल केली. संपाच्या तयारीचा दबाव आल्यावर जानेवारी २०२५ मध्ये २०२७ साठीचे वचन तिला पुन्हा द्यावे लागले. १९७३ मध्ये जे शस्त्र पोलाद कामगारांच्या नेतृत्वाने टाकून दिले होते, ते पन्नास वर्षांनी मोटार कामगारांनी उचलले. अर्थात हा शेवट नव्हे. ऑक्टोबर २०२५ मध्ये त्या बॅटरी कारखान्यातही कामगारकपात जाहीर झाली.

सुवर्ण समभाग

जून २०२५ मध्ये जपानच्या निप्पॉन स्टीलने यू. एस. स्टील ही कंपनीच विकत घेतली. या व्यवहाराला संमती देताना अमेरिकन सरकारने ‘सुवर्ण समभाग’ आपल्याकडे ठेवला, ज्यामुळे कारखाने बंद करणे किंवा उत्पादन देशाबाहेर हलविणे यांवर राष्ट्राध्यक्षांना नकाराधिकार मिळाला. सप्टेंबरमध्ये इलिनॉयमधील ग्रॅनाइट सिटी येथील काम थांबविण्याचा कंपनीचा बेत सरकारच्या हस्तक्षेपानंतर मागे घेण्यात आला.

म्हणजे १९८० मध्ये जी गोष्ट कायद्यात बसत नाही म्हणून कामगारांना नाकारली गेली, ती २०२५ मध्ये त्याच कंपनीच्या बाबतीत एका सहीने शक्य झाली. खाजगी मालकीचे पावित्र्य अभेद्य आहे, हा सिद्धांत किती पोकळ आहे याचा याहून स्पष्ट पुरावा नको. तथापि हा अधिकार कोणाच्या हाती गेला? कामगारांच्या नव्हे, नगराच्या नव्हे. तो राष्ट्राध्यक्षांच्या मर्जीवर सोपविला गेला. जो मर्जीने कारखाना चालू ठेवतो, तो मर्जीने तो बंदही होऊ देतो. जकातींचेही तसेच. पोलादावरील आयातकर २०२५ मध्ये ५० टक्क्यांवर नेला गेला. पण पोलाद वापरणाऱ्या कारखान्यांतील कामगारांची संख्या पोलाद बनविणाऱ्यांच्या अनेक पट आहे, आणि महाग पोलादाचा बोजा त्यांच्याच रोजगारावर पडतो. त्या वर्षी कारखानदारीतील एकूण रोजगार वाढला नाही, घटला.

आपल्यापुढील प्रश्न

कॉम्रेड्स, हा परदेशाचा इतिहास म्हणून ऐकून सोडून देण्याचा विषय नाही. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईतील सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. गिरण्या आधुनिक करण्यास पैसा नाही, असे मालक तेथेही म्हणत होते. गिरण्यांखालच्या जमिनीला भाव येताच तो प्रश्न वेगळाच होता हे उघड झाले. नव्वदच्या दशकाच्या आरंभी बंद पडलेल्या इंदूरच्या हुकुमचंद मिलच्या कामगारांना थकलेली देणी मिळण्यास २०२३ चा डिसेंबर उजाडला. तोवर कित्येकांची प्रेतयात्रा निघून गेली होती.

तरीही एका बाबतीत भारतीय कामगाराजवळ अमेरिकन कामगारापाशी नसलेले काही होते. १९७६ मध्ये औद्योगिक विवाद कायद्यात घातलेल्या प्रकरणाने मोठ्या कारखान्यांना कामगारकपात वा बंदी यांपूर्वी सरकारची परवानगी सक्तीची केली, आणि १९८२ च्या दुरुस्तीने ही मर्यादा तीनशे कामगारांवरून शंभरावर आणली. हे संरक्षण परिपूर्ण नव्हते. वीजबिल थकवून, पगार अडवून, टाळेबंदी लांबवून मालकांनी ते चुकविले. पण परवानगी मागावी लागते, याचा अर्थ निर्णय एकट्या मालकाचा नाही, हे तत्त्व कायद्यात नोंदले गेले होते. २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेने ही मर्यादा पुन्हा तीनशेवर नेली, सरकारला ती अधिसूचनेने आणखी वाढविण्याची मुभा दिली, आणि २१ नोव्हेंबर २०२५ पासून ही संहिता अंमलात आणण्यात आली. याच्या जोडीला संघटित कारखान्यांतील सुमारे चाळीस टक्के कामगार कंत्राटी आहेत. त्यांना कामावरून कमी करताना कारखाना बंद झाल्याची घोषणाही करावी लागत नाही.

म्हणून कामगार संघटनांपुढील काम वेतनवाढीच्या मागणीपाशी थांबू शकत नाही. प्रत्येक कारखान्यात नफा किती आणि तो कोठे गुंतविला जातो याची माहिती मागणे, यंत्रे किती जुनी झाली आहेत याची नोंद स्वतः ठेवणे, जमिनीचा वापर बदलण्याच्या अर्जांवर लक्ष ठेवणे, कायम आणि कंत्राटी कामगारांना एकाच युनियनमध्ये आणणे, जात, धर्म आणि प्रांत यांच्या नावाने उभ्या केलेल्या भिंती वेळीच पाडणे, आणि सरकारने सवलत दिलेल्या प्रत्येक उद्योगावर रोजगाराची लेखी, वसूल करता येणारी अट घालावयास लावणे, ही रोजची कामे आहेत. यंगस्टाउनचे कामगार शूर होते आणि त्यांची मागणी न्याय्य होती. त्यांना उणे पडली ती वेळ. ‘कारखाना कोणाचा?’ हा प्रश्न त्यांनी विचारला, तो बंदीची नोटीस लागल्यानंतर. धुराडे धूर सोडत आहे, पट्टा चालू आहे आणि मालकाला कामगाराची गरज आहे, तोच हा प्रश्न विचारण्याचा काळ होय.